कचारगडची चढण

गोंदियाहून डोंगरगडकडे जाणारी पॅसेंजर गाडी सालेकसा सोडते, तेव्हा खिडकीजवळ बसलेल्या माणसाला एक गोष्ट जाणवते. आतापर्यंत दोन्ही बाजूंना धानाच्या बांध्या होत्या, मधूनमधून बोड्या होत्या, बोडीच्या पाळीवर एखादे मोहाचे झाड होते. सारे कसे सपाट, पाटावर मांडलेल्या ताटासारखे. गुदमा, आमगाव, धानोली ही स्टेशने याच सपाटीत येतात आणि जातात. आणि मग एकाएकी जमीन अंग चोरून घेते. बांध्या आखडतात, रूळ वळण घेतात, साग आणि ऐन अगदी डब्याला खेटून उभे राहतात. पुढचे स्टेशन दरेकसा. त्याच्याही पुढे बोगदा आहे, आणि बोगद्यापलीकडे छत्तीसगड. महाराष्ट्र इथे संपतो, म्हणजे नकाशावर संपतो. डोंगराला ते कोणी कळवलेले नाही.

याच सालेकसा तालुक्यातल्या एका खेड्यात 1979 साली मी शिक्षक म्हणून रुजू झालो. नेमणुकीचा हुकूम हातात पडला तेव्हा मी बावीस वर्षांचा होतो. गावाचे नाव वाचून कचेरीतल्या कारकुनाला म्हणालो, "सालेकसा म्हणजे हो कसा?" तो म्हणाला, "जाऊन बघा, मग आम्हांला सांगा." हा विनोद त्याने माझ्याआधी किती जणांना ऐकवला असेल कोण जाणे. मी गेलो. सात वर्षे राहिलो. आणि आज लाज वाटते ती अशी, की त्या सात वर्षांत कचारगड माझ्या शाळेच्या ओट्यावरून दिसणाऱ्या डोंगरांच्या रांगेत होता, आणि मी एकदाही तिकडे गेलो नाही.

गेल्या माघात गेलो. त्याचीच ही हकीकत.

निमंत्रण आले ते एका जुन्या विद्यार्थ्याचे. तो आता पंचावन्नाचा आहे, मिशा पांढऱ्या झाल्या आहेत आणि घरात नातू आहे. गोंदियाच्या बाजारात अवचित भेटला. मी ओळखले नाही, त्याने ओळखले. पायावर डोके ठेवले आणि म्हणाला, "गुरजी, माघ पुनवेला कचारगडले या. आता तरी या." त्या 'आता तरी' मध्ये जे होते ते मला बरोबर लागले. पुढे ते सांगेनच.

दरेकसा स्टेशनवर एरवी चार माणसे उतरत असतील. त्या दिवशी गाडी रिकामी झाली. लुगड्यातल्या म्हाताऱ्या, डोक्यावर बोचकी, खांद्यावर पोरे, पिवळे फेटे बांधलेले तरुण, हातात सप्तरंगी झेंडे. कोणी तेलुगु मिसळून बोलत होते, कोणी छत्तीसगडी, कोणी आपली झाडीबोली. बैतुल, मंडला, बस्तर, आदिलाबाद, गडचिरोली अशी नावे कानांवर पडत होती. एस.टी.च्या जादा गाड्या धूळ उडवीत येत होत्या त्या वेगळ्याच. माघ पौर्णिमेच्या सुमारास इथे पाच दिवस जत्रा भरते आणि लाखांनी माणूस लोटतो. एकमेकांना भेटताच सारे एकच शब्द उच्चारतात, "सेवा जोहार!" राम राम नाही, नमस्कार नाही. पहिल्यांदा मी नुसती मान हलवली. तिसऱ्या-चौथ्या वेळी माझ्याही तोंडून जोहार निघाला. आवाज थोडा चोरटाच होता.

धनेगाव हे डोंगराच्या पायथ्याचे गाव. कवेलूंची घरे, मातीने सारवलेल्या छपऱ्या, मागे सांदवाडी, सांदवाडीत पोपटाच्या शेंगांचे वेल. जत्रेच्या दिवसांत या गावातले प्रत्येक घर धर्मशाळा होते. विद्यार्थ्याच्या नात्यातले एक घर होते, तिथे आम्ही उतरलो. भात, लाखोळीच्या डाळीचे वरण आणि वर तिखटजाळ ठेचा. मला पाट दिला आणि घरातले सारे जमिनीवर बसले. गुरुजींचा मान! मला तो पाट टोचत होता.

जेवताना घरच्या म्हातारीने मला एक प्रश्न विचारला. प्रश्न गोंडीत होता. मला एक अक्षर कळले नाही. विद्यार्थ्याने अर्थ सांगितला, "तुमचं कूळ कितव्या देवाचं, असं इचारते." मी म्हणालो, "आमचं गोत्र आहे, पण देवांची संख्या नाही." म्हातारीला माझी दया आली असावी. तिने आणखी भात वाढला.

ही देवांची संख्या हे काय प्रकरण आहे ते सांगितले पाहिजे, कारण ते कळल्याशिवाय कचारगड कळत नाही. गोंड माणूस दुसऱ्या गोंडाला भेटला की आधी आडनाव विचारतो, मग किती देवांचा ते विचारतो. चार देवांचे, पाच देवांचे, सहा देवांचे, सात देवांचे. उईके, मरकाम, टेकाम, मडावी, कुंजाम, सलामे, पंधरे अशी जी आडनावे आपण शाळेच्या हजेरीपटावर वर्षानुवर्षे वाचतो, ती या रचनेतली घरे आहेत. समान देवसंख्येच्या कुळांत सोयरीक होत नाही, ते भाऊ-भाऊ. आणि परंपरा अशी सांगते की साडेसातशे कुळे आहेत, आणि प्रत्येक कुळाने एक प्राणी, एक पक्षी आणि एक वनस्पती सांभाळायची. मारायची नाही, तोडायची नाही. गुणाकार करून पाहा, सव्वादोन हजार जीव होतात. मी हजेरी घेत होतो तेव्हा माझ्या पुढ्यात एक अख्खे जंगल वाटून घेतलेले बसले होते, आणि मी आपला 'हजर', 'गैरहजर' लिहीत होतो.

ही वाटणी कोणी केली? पारी कुपार लिंगोने. कोठे केली? तर ती कथा याच डोंगरावर घेऊन येते.

कचारगडला जी कथा सांगतात ती अशी. कली कंकाली नावाच्या मातेची तेहतीस मुले होती. ती द्वाड निघाली. शंभूने चिडून त्यांना डोंगराच्या गुहेत कोंडले आणि तोंडाशी भली मोठी शिळा लावली. आई रडून रडून थकली. रायताड जंगो हिला मुलांची कणव आली. तिने लिंगोला साकडे घातले. पण शिळा हलेना. मग हिरासुका पाटालीर नावाचा वादक आला. त्याने किंगरी वाजवायला सुरुवात केली. त्या सुरांनी आतल्या पोरांच्या अंगात असे बळ भरले की त्यांनी आतून रेटा दिला आणि शिळा गडगडली. मुले सुटली, पण वाजवणारा त्या शिळेखाली चिरडून गेला. सुटलेल्या त्या तेहतीस मुलांना लिंगोने शिकवले, आणि त्यांच्यापासून सारी कुळे निघाली.

मी जन्मभर मुलांना शिकवले. वर्गात कोंडलेल्या मुलांच्या कथा मला नव्या नाहीत. पण शिळा हलवायला तलवार नाही, मंत्र नाही, एक तंतुवाद्य लागले, आणि वाजवणारा मेला, ही गोष्ट मी दुसऱ्या कोठल्या पुराणात वाचलेली नाही.

या कथेची एक जुनी नोंद आहे. नागपूरला स्टीफन हिस्लॉप नावाचे एक स्कॉटिश मिशनरी होते. तिथले हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाचे. धर्मप्रसारासाठी आलेला हा माणूस दगडधोंडे, जीवाश्म आणि लोकगीते यांच्या नादी लागला. परधानाच्या तोंडून त्यांनी लिंगोचे शेकडो ओळींचे गीत गोंडीत उतरवून घेतले. 1863 साली पावसाळ्यात नागपूरजवळ पूर आलेले पाणी घोड्यावरून ओलांडताना ते बुडाले. त्यांची टिपणे सर रिचर्ड टेंपल यांनी 1866 साली छापून काढली. त्या गीतात महादेव गोंडांना गुहेत कोंडतो, चौघे मात्र निसटतात आणि काचीकोपा लाहुगडला जाऊन राहतात. म्हणजे लाल डोंगरातल्या लोखंडाच्या दरीत. लिंगो त्यांना तिथे भेटतो. पुढे बाकीच्यांना सोडवण्यासाठी तो महादेवाकडे जातो, तर महादेव सांगतो, बिंदो नावाच्या काळ्या पक्ष्याची पिले आणून दे. लिंगो जातो तो नेमका एक भुजंग त्या पिलांना गिळायला निघालेला असतो. लिंगो भुजंग मारतो, आणि कृतज्ञ पक्षी त्याला पंखांवर बसवून आणतो.

दोन कथांत फरक आहे हे वाचकांच्या ध्यानात आलेच असेल. जुन्या गीतात महादेवाची अट पुरी करून सुटका होते. कचारगडच्या कथेत आतून रेटा देऊन. कोणती खरी असे विचारणाऱ्याला मी तरी सुज्ञ म्हणणार नाही. लोकांना आज कोणती सांगाविशी वाटते हे मात्र त्या दिवशी मी लाख माणसांत उभा राहून पाहिले.

कचारगडची जत्रा आज जशी भरते तशी काही पुराणकाळापासून भरत नव्हती. डोंगर होता, गुहा होती, आसपासच्या गावांचे देवठाणे होते. पण दूरदूरच्या गोंडांनी इथे यावे, हे आपले मूळ घर आहे असे म्हणावे, ही कल्पना 1980 नंतरची. नागपूरचे डॉ. मोतीरावण कंगाली यांचे नाव त्यात सर्वांत आधी घेतले पाहिजे. 1949 साली जन्मलेले हे गृहस्थ रिझर्व्ह बँकेत नोकरी करीत आणि उरलेला सारा वेळ गोंडी भाषा, व्याकरण, शब्दकोश, पुनेम म्हणजे धर्म, यांत घालवीत. सिंधू लिपी गोंडीतून वाचता येते असेही त्यांनी मांडले; विद्वानांनी ते मान्य केलेले नाही, आणि मलाही ते पटत नाही. पण जुन्या गीतातली ठिकाणे जमिनीवर शोधीत ते आणि त्यांचे सोबती या डोंगरात आले, आणि काचीकोपा लाहुगड तो हाच, असे त्यांनी ठरवले. सुरुवातीला मूठभर माणसे आली. कंगाली 2015 साली वारले, तोवर ती मूठ लाखांची झाली होती. एका बँकेतल्या माणसाने सुटीच्या दिवसांत एका जमातीला तिचे तीर्थ मिळवून दिले, ही काही लहान गोष्ट नव्हे.

मला आठवते, मी शाळेत असतानाच कधीतरी बातमी आली होती, की नागपूरचे काही लोक झेंडा घेऊन डोंगरावर गेले. आम्ही मास्तर मंडळींनी चहा पिता पिता त्यावर थट्टा केली. कसली थट्टा ते आता आठवत नाही. फार बरे आहे.

दुसऱ्या दिवशी पहाटे आम्ही चढायला लागलो. विद्यार्थी, त्याचा नऊ वर्षांचा नातू आणि मी. वाट काही भागांत पायऱ्यांची, काही भागांत नुसत्या दगडांची. वर जाणाऱ्यांची आणि खाली येणाऱ्यांची एकच दाटी. ढोल वाजत होते. मध्येच एखादा घोळका थांबे आणि हात गुंफून रेला धरी. पाय पुढे, पाय मागे, 'रे रेला' चा तो लांब हेल. आणि त्यांना वळसा घालून बाकीचे चढत राहत. कोणी कोणाला ढकलत नव्हते. मोहाला अजून फुले यायची होती, पण पळस कोठे कोठे पेटू लागला होता.

चढताना माझा विद्यार्थी पायऱ्या मोजीत होता. "उंदी, रंड, मूंद, नालुंग, सैयुंग..." मी थबकलो. नालुंग! तेलुगूत चाराला नालुगु म्हणतात, कानडीत नाल्कु. एवढे मला माहीत होते. पुस्तकात मी वाचलेले होते की गोंडी ही द्राविडी कुळातली; मराठीशी तिचे रक्ताचे नाते नाही, शेजाराचे आहे. पण पुस्तकात वाचणे वेगळे आणि एका माणसाच्या तोंडून, घाम पुसताना, पायरीगणिक ऐकणे वेगळे. मध्य हिंदुस्थानच्या या जंगलात, मराठी आणि हिंदी यांच्या मधोमध, दक्षिणेचे हे शब्द केव्हापासून मोजले जात आहेत!

आणि मोजणारे किती उरले? 2011 च्या जनगणनेत गोंड जमातीची संख्या एक कोटीच्या वर भरली. त्याच जनगणनेत गोंडी ही आपली मातृभाषा असे सांगणारे सुमारे तीस लाख. म्हणजे चौघांतल्या तिघांच्या घरातून ती गेलेली. राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत ती नाही. या कामी कोणाला दोष द्यावा? 1956 साली भाषावार राज्ये झाली. तेलुगूला घर मिळाले, ओडियाला आधीच मिळाले होते, मराठीला 1960 साली मिळाले, हिंदीला तर अनेक मिळाली. आम्ही विदर्भातली माणसे मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आलो आणि मग महाराष्ट्रात, पेढे वाटले. गोंड मात्र ज्याच्या त्याच्या घरात वाटले गेले. गढा-मंडला, देवगड, चांदा अशी त्यांची राज्ये एके काळी होती. ज्या नागपुरात आपण गोंडी भाषा मरते आहे म्हणून परिसंवाद भरवतो, ते शहर 1702 साली देवगडच्या बख्त बुलंद शहाने वसवले. आता देवनागरीत गोंडी लिहिणारे वेगळे, तेलुगु लिपीत लिहिणारे वेगळे. बालाघाटकडच्या मुन्शी मंगलसिंग मसराम यांनी 1918 साली गोंडीसाठी स्वतंत्र लिपी घडवली. संगणकाच्या युनिकोडमध्ये तिला जागा मिळाली ती 2017 साली. मधली नव्व्याण्णव वर्षे ती वह्यांतून आणि थोडक्या पुस्तकांतून जगली. पुढच्याच वर्षी आदिलाबादकडच्या गुंजाळा गावात सापडलेल्या दुसऱ्या लिपीलाही जागा मिळाली. घर एकही नाही आणि लिप्या दोन.

पण दोष द्यायचाच झाला तर दूर कशाला जायचे? आता ते 'आता तरी' सांगतो.

माझ्या वर्गात नियम होता. शाळेत मराठीच बोलायचे. नियम वरून आलेला नव्हता. तो माझा होता, आणि मला त्याचा अभिमान होता. मुलांचे भले व्हावे, ती मॅट्रिकला बसावीत, कचेरीत कोणापुढे अडखळू नयेत, ही त्यामागची बुद्धी. जो गोंडी बोलेल त्याचे नाव मॉनिटरने पाटीवर लिहायचे, आणि संध्याकाळी त्याने विहिरीवरून बादल्या आणून शाळेच्या कडुनिंबांना घालायच्या. छडी नाही, दंड नाही. उलट वृक्षसंवर्धन! मला ही शिक्षा फार सुसंस्कृत वाटे. एका तपासनीसाने तर शेऱ्यांच्या वहीत तिचे कौतुकही लिहिले.

या माझ्या विद्यार्थ्याचे नाव पाटीवर रोज असे. तो तिसरीत होता आणि त्याला मराठी येतच नव्हते. एक दिवस उन्हाळ्याच्या सुमारास तो हात वर करून म्हणाला, "गुरजी, एर." एर म्हणजे पाणी. मला अर्थ माहीत होता. एवढी गोंडी सात वर्षांत कोणालाही येते. मी म्हणालो, "मराठीत माग." त्याला शब्द सुचेना. दोनदा, तीनदा तो 'एर' म्हणाला. मुले हसली. मी त्याचे नाव पाटीवर लिहायला लावले. तहानलेल्या मुलाला मी संध्याकाळी झाडांना पाणी घालायला लावले. दिवसभर तो प्यायला की नाही हे मी पाहिले नाही.

चढणीच्या मध्यावर एका खडकावर टेकलो होतो, तेव्हा मीच हा विषय काढला. इतक्या वर्षांनी काढला, हेही खरे तर उशिराच. तो हसला. राग नव्हता, असता तर सोपे गेले असते. म्हणाला, "गुरजी, तुमच्या शाळेतले तीन निंब आजूक हायेत. माह्या गोंडीवरच वाढले ते." मग थोडा वेळ गेला. ढोलाचा आवाज खालून वर येत होता. पुढे म्हणाला, "मी मराठी शिकलो. वनखात्यात लागलो. घर बांधलो. तुमचा उपकारच हाय. पण पोरं झाली तं मी घरात गोंडी बोललोच नाई. वाटे, याईचंबी नाव पाटीवर लिवतील कोणी."

मी काय बोलणार? मी त्याच्या नातवाकडे पाहिले. तो झाडाच्या शेंगा वेचण्यात गुंतला होता.

गुहा अवाढव्य आहे. आतापर्यंत वाकून चालणारा माणूस तोंडाशी येऊन आपोआप ताठ उभा राहतो आणि वर पाहतो. आतली हवा गार, भिंतींवर पाण्याची ओल, वरच्या फटीतून येणारा उजेड धुळीत तिरपा उभा. एकाच वेळी शेकडो माणसे आत होती, आणि तरी आवाज दबलेला. कोणी नारळ ठेवीत होते, कोणी हळदीने पिवळे केलेले तांदूळ. मूर्ती म्हणावी अशी मला दिसली नाही, आणि मी शोधूही लागलो नाही. मुलांना कोंडले ती जागा हीच देव आहे. एक म्हातारा भिंतीला तळहात टेकून डोळे मिटून उभा होता. तो आदिलाबादकडचा होता. विद्यार्थी त्याच्याशी गोंडीत दोन वाक्ये बोलला. थोडा अडखळला, कारण त्यांची बोली आणि यांची बोली सारखी नाही, पण समजले. त्या म्हाताऱ्याला मराठी येत नव्हते, याला तेलुगु येत नव्हते. हिंदीची गरज पडली नाही. माझा विद्यार्थी गुहेतून बाहेर येताना केवढा खुशीत होता! "समजलं, गुरजी! माह्या बुढ्याच्या वक्ताचे शब्द बोलत होता तो."

गडचिरोली जिल्ह्यात धानोरा तालुक्यातल्या मोहगावला ग्रामसभेने 2019 साली स्वतःची गोंडी माध्यमाची शाळा काढली, हे मी त्याला सांगितले. त्याला ते माहीत होते. जत्रेत त्याची चर्चा आधीच झालेली होती. "तिथं मास्तर कोण हाय?" एवढेच त्याने विचारले. मी म्हणालो, गावातलेच तरुण आहेत. त्याने मान हलवली. मग मला न विचारता माझी पिशवी स्वतःच्या खांद्यावर घेतली, आणि आम्ही उतरू लागलो.

उतरताना ऊन चांगलेच तापले. माघ असला तरी डोंगराचे ऊन ते. गुडघे बोलू लागले, घशाला कोरड पडली. विद्यार्थी कोणी ओळखीचा भेटला म्हणून मागे राहिला होता. पाण्याची बाटली नातवाच्या गळ्यात होती. तो माझ्यापुढे चार पायऱ्या उड्या मारीत चालला होता. मी त्याला हाक मारली, आणि का कोण जाणे, पंचेचाळीस वर्षांत जो शब्द मी एकदाही तोंडाने उच्चारला नव्हता तो उच्चारला. म्हणालो, "बाळा, एर दे."

तो थांबला. माझ्याकडे पाहिले. मग माझ्या खांद्यावरून मागे, वरच्या वळणाकडे पाहून ओरडला, "आजा, गुरजी काय मागून राह्यले?"

वरून उत्तर यायला थोडा वेळ लागला. खाली धनेगावात कोणीतरी ढोल पुन्हा सुरू केला होता. मी त्याच्या गळ्यातल्या बाटलीकडे बोट दाखवले नाही. मी तसाच उभा राहिलो, वरून येणाऱ्या पावलांची वाट पाहत.